निवृत्तीची तारीख कोणाच्या सोयीची?

महाराष्ट्रात जिल्हा परिषदेचा शिक्षक ज्या महिन्यात 58 वर्षांचा होतो, त्या महिन्याच्या शेवटच्या दिवशी निवृत्त होतो. शाळा मात्र जूनच्या मध्याला भरते आणि परीक्षा एप्रिलअखेर उरकतात. नाशिक जिल्ह्यातल्या सुरगाणा किंवा पेठ तालुक्यातल्या पाड्यावरची द्विशिक्षकी शाळा डोळ्यांपुढे आणा. शिक्षणहक्क कायदा पहिली ते पाचवीच्या 60 मुलांपर्यंत दोन शिक्षक देतो. त्यांतले एक गुरुजी डिसेंबरअखेर गेले की दुसरे एकटे पाच इयत्ता, पोषण आहाराच्या नोंदी आणि वरून मागितली जाणारी माहिती सांभाळतात. कागदावर एक पद रिक्त होते, पाड्यावर निम्मी शाळा जाते. म्हणून माझे म्हणणे इतकेच की वय 58च राहू द्यावे, पण निरोपाचा दिवस मुलांच्या वर्षाला बांधावा.

नियमाचा कैवारी विचारील, ‘तलाठी, लिपिक, परिचारिका, सगळेच महिनाअखेर जातात, शिक्षकालाच वेगळा न्याय का?’ कारण त्यांच्या कामाला सत्र नसते. फाइल ज्या पानावर थांबली तिथून पुढचा माणूस उचलतो. कोणत्या मुलाला वजाबाकीत हातचा घेणे अजून जमत नाही, हे कोणत्याच दप्तरी नोंदलेले नसते. हा फरक इतरांनी मानला आहे. केरळच्या सेवानियमांत सत्रात वय पूर्ण करणारा शिक्षक शैक्षणिक वर्ष संपेपर्यंत राहतो. दिल्लीच्या 1973च्या नियमांत 1 नोव्हेंबरनंतर निवृत्त होणाऱ्याला पुढच्या 30 एप्रिलपर्यंत पुनर्नियुक्ती मिळते. आपल्याकडे हे योगायोगाने घडते. जुन्या काळी खेड्यापाड्यांत शाळेत नाव घालताना अनेकांची जन्मतारीख 1 जून लावली गेली, आणि महिन्याच्या पहिल्या तारखेला जन्मलेला आदल्या महिनाअखेर निवृत्त होतो. म्हणजे ही मंडळी 31 मे रोजी, ऐन सुट्टीत जातात. अंदाजाने टाकलेली तारीख मुलांच्या पथ्यावर पडावी आणि खरी तारीख त्यांच्या मुळावर यावी, हे नियमाचे समर्थन होऊ शकत नाही.

‘पण शिक्षकभरतीची अभियोग्यता चाचणी देऊन भरतीच्या पवित्र पोर्टलकडे डोळे लावून बसलेल्या डी.एड. झालेल्या तरुणाची जागा तुम्ही अडवता,’ हा दुसरा आक्षेप जास्त बोचरा आहे. ती चाचणी 2017च्या अखेरीस झाली आणि त्यानंतर थेट 2023मध्ये. ज्याची वाट वर्षांनी मोजली जाते, त्याला जानेवारीत रिकामी झालेली खुर्ची फेब्रुवारीत मिळत नाही. ती नुसती रिकामी राहते. जुलै 2023मध्ये तर शासनानेच निवृत्त शिक्षकांना वीस हजार रुपये मासिक मानधनावर, वयाच्या सत्तरीपर्यंत, पुन्हा वर्गात बोलावले. तरुणाचे नुकसान खरे होते ते अशा वर्षानुवर्षांच्या तात्पुरतेपणाने. एप्रिलला आपोआप संपणाऱ्या चार-पाच महिन्यांच्या मुदतवाढीने नव्हे.

तिसऱ्या आक्षेपाला मात्र मान द्यावा लागतो. ‘सातत्य माणसात असते की पदात? दुसऱ्या दिवशी चांगला शिक्षक आला तर मुले रुळतातच. आणि थकलेल्या गुरुजींना, बाईंना मुलांच्या नावाने किती दिवस थांबवणार?’ हे खरे आहे. नोकरीत राहण्याची सक्ती करता येत नाही, आणि थांबणे ऐच्छिक ठेवले तर मुलांचा हक्क शिक्षकाच्या तब्येतीवर टांगला जातो. म्हणून मुदतवाढ हा अर्धाच उपाय. दिवाळीनंतर वय पूर्ण करणाऱ्यांना, त्यांची तयारी असल्यास, एप्रिलअखेरपर्यंत ठेवावे. ही वाढ नियमाने मिळावी. अधिकाऱ्याच्या मर्जीने मिळाली तर तिची मेहेरबानी होते. पहिल्या सत्रात जाणाऱ्यांच्या आणि थांबू न इच्छिणाऱ्यांच्या जागी येणारा शिक्षक जूनमध्येच हजर व्हावा आणि काही आठवडे दोघांनी एकत्र शिकवावे. यात दुहेरी पगार पडतो, हा हिशेब कोणी मांडील. पण बदली, आजारपण, मृत्यू यांनी होणारी रिक्तता अचानक येते. निवृत्तीची तारीख मात्र सेवापुस्तकाच्या पहिल्या पानावरच्या जन्मतारखेवरून नोकरीच्या आरंभापासून ठरलेली असते. जी गोष्ट तीस वर्षे आधी ठाऊक आहे तिची तजवीज न करणे ही काटकसर नव्हे. तो खर्च तेव्हाही होतोच. फक्त तो पाड्यावरच्या मुलांच्या नावे पडतो आणि कोणत्याच अंदाजपत्रकात दिसत नाही.