वाटाड्याची साक्ष

खोटी साक्ष म्हणजे काय, असें कोणी विचारिलें तर आपण बहुधा उत्तर देतों कीं, न घडलेली गोष्ट घडली म्हणून सांगणें ती खोटी साक्ष. हें उत्तर खरें आहे, परंतु पुरें नाहीं. एखाद्या साक्षीदाराचा प्रत्येक शब्द खरा असूनही त्याची साक्ष खोटी ठरूं शकते. कारण जी एक गोष्ट सांगण्यासाठीं त्यास बोलाविलें, तीच त्यानें गिळून टाकिली. न्यायसभेंत हें लवकर कळतें. पण गांवाचा, घराण्याचा किंवा मंडळीचा मागला वृत्तांत सांगतांनाही मनुष्य साक्षीदारच असतो, हें मात्र आपण विसरतों. ह्या गोष्टीचा विचार आज आम्ही एका दूरच्या शहराच्या उदाहरणानें करणार आहों.

अमेरिकेंतील संयुक्त संस्थानांच्या दक्षिण भागांत, साउथ कॅरोलायना संस्थानांत, चार्ल्स्टन नांवाचें एक जुनें बंदर आहे. इंग्रज वसाहतवाल्यांनीं तें १६७० सालीं वसविलें, व पुढें दहा वर्षांनीं ॲशली आणि कूपर ह्या दोन नद्यांच्या मधील भूशिरावर हलविलें. तेथें उपासनामंदिरांचे इतके कळस दिसतात कीं शहरास 'पवित्र नगरी' असें टोपणनांव पडलें आहे. १९३१ सालीं शहरानें जुन्या वस्तीच्या रक्षणाचा कायदा केला. अमेरिकेंत अशा प्रकारचा तो पहिलाच. त्यामुळें शेंदोनशें वर्षांपूर्वींचीं घरें, दगडी गल्ल्या व लोखंडी नक्षीचीं फाटकें अजून जागच्या जागीं आहेत. देशोदेशींचे लोक तीं पाहावयास येतात, आणि पैसे देऊन एखाद्या वाटाड्याच्या मागून पायीं शहर हिंडतात. वाटाड्या थांबतो, बोट दाखवितो, बोलतो. लोक मान वर करून पाहतात व पुढें चालूं लागतात.

हा धंदा करणारास शहराचा परवाना लागत असे. त्यासाठीं सुमारें पांचशें पानांचें पुस्तक अभ्यासून दोनशें प्रश्नांची लेखी परीक्षा द्यावी लागे. २०१८ सालीं संयुक्त सरकारच्या न्यायालयानें हा नियम भाषणस्वातंत्र्याच्या विरुद्ध म्हणून रद्द केला, व २०२० सालीं वरिष्ठ न्यायालयानें तो निर्णय कायम केला. त्या वादांत आम्हांस शिरावयाचें नाहीं. परंतु एक गोष्ट त्यावरून दिसते. परीक्षेनें मनुष्याचें पाठांतर कळतें. तो काय सांगेल आणि काय गाळील, हें परीक्षेनें कळत नाहीं.

आतां दोन वाटाड्यांची कल्पना करा. दोघेही विद्वान, दोघेही एकाच रस्त्यानें जाणारे.

पहिला वाटाड्या ईस्ट बे नांवाच्या रस्त्यावर तेरा रंगीबेरंगी घरांची रांग दाखवितो. पुढें १७७१ सालीं पुरी झालेली व्यापाऱ्यांची जुनी इमारत दाखवून तो म्हणतो, १७९१ सालीं राष्ट्राध्यक्ष वॉशिंग्टन येथें आले असतां त्यांचा मोठा सत्कार झाला. मग सेंट मायकेलचें मंदिर, त्याचा उंच पांढरा मनोरा. श्रोते संतुष्ट होतात. ह्या मनुष्याच्या तोंडून एकही खोटा शब्द निघाला नाहीं.

दुसरा वाटाड्या त्याच जागीं उभा राहतो. रंगीत घरें पाहून झाल्यावर तो विचारतो, हें धन कोठून आलें? तें भातशेतींतून आलें. भरतीबरोबर चढणारें नदीचें पाणी बांध घालून शेतांत घ्यावयाचें व ओहोटीस सोडून द्यावयाचें, अशी ती शेती होती. कोंकणांतील वाचकांस खाजणाचें काम ठाऊक आहे. गुडघाभर चिखलांतील हे कष्ट त्यांस निराळे समजावून सांगावयास नकोत. त्या कामासाठीं पश्चिम आफ्रिकेंतून माणसें धरून आणिलीं. त्यांपैकीं पुष्कळांस भाताची लागवड आपल्या देशींच अवगत होती. म्हणजे धन्यांनीं त्यांचे हातच नव्हेत, तर त्यांची विद्याही हिरावून घेतली. आफ्रिकेंतून गुलाम आणण्यास १८०८ च्या जानेवारीपासून कायद्यानें बंदी झाली. त्यापूर्वींच्या चार वर्षांत व्यापाऱ्यांनीं घाई करून हजारों माणसें ह्या बंदरांत उतरविलीं. ज्या गॅड्सडेनच्या धक्क्यावर त्यांपैकीं पुष्कळ जण उतरले, त्या जागीं २०२३ सालीं आफ्रिकन अमेरिकन लोकांच्या इतिहासाचें मोठें संग्रहालय उघडलें आहे.

मग तो १७७१ च्या त्या इमारतीपाशीं येतो. वॉशिंग्टनचा सत्कार येथें झाला हें खरें. परंतु ह्याच इमारतीच्या बाजूस उघड्या रस्त्यावर माणसांचे लिलाव होत. आई एकाकडे जाई, मूल दुसऱ्याकडे. १८५६ सालीं नगरसभेनें रस्त्यावरचे लिलाव बंद केले. वाचकांनीं येथें क्षणभर थांबावें. विक्री बंद झाली नाहीं. ती रस्त्यावरून भिंतीआड गेली. चाल्मर्स गल्लींत एका आवारांत ती पुढें चालू राहिली, आणि तेथील लिलावाची इमारत अजून उभी आहे. १९३८ सालीं तींत गुलामांच्या बाजाराचें संग्रहालय निघालें. जें पाहून लाज वाटते तें सोडून देण्याऐवजीं दृष्टीआड करणें, ही मनुष्याची फार जुनी खोड आहे. पहिला वाटाड्या आपल्या मौनानें तीच भिंत पुन्हां बांधीत असतो.

दुसरा वाटाड्या आणखीही कांहीं दाखवितो. जुन्या भिंतींतील कांहीं विटांत बोटांचे ठसे आहेत. ओल्या विटा उचलणाऱ्या गुलामांचे व त्यांच्या लेंकरांचे ते ठसे. संग्रहालयांत तांब्याचे लहान बिल्ले आहेत. मजुरीस बाहेर पाठविलेल्या गुलामास शहराकडून असा बिल्ला घ्यावा लागे, आणि त्यावर साल, अंक व कामाचा प्रकार कोरलेला असे. मनुष्याचें नांव मात्र त्यावर नसे. विटेवर ठसा राहिला, बिल्ल्यावर अंक राहिला. नांव कोठेंच राहिलें नाहीं.

ह्यावर कोणी म्हणेल, त्या काळीं सर्वांची समजूतच तशी होती. आजच्या मापानें त्यांस कां मोजावें? त्यास उत्तर त्याच शहरांत आहे. ग्रिम्के घराण्यांतील सेरा व अँजेलिना ह्या बहिणी चार्ल्स्टनमध्येंच, गुलाम बाळगणाऱ्या श्रीमंत न्यायाधीशाच्या घरीं जन्मल्या. सेरा लहान असतां रात्रीं दाराच्या कुलुपाचें भोंक झांकून आपल्या दासीस वाचावयास शिकवी, कारण गुलामास शिकविणें तेथें मना होतें. मोठेपणीं दोघींनीं घर व शहर सोडिलें, आणि १८३६ सालीं अँजेलिनेनें दक्षिणेंतील ख्रिस्ती स्त्रियांस उद्देशून गुलामगिरीविरुद्ध एक पत्र छापून प्रसिद्ध केलें. ज्या प्रकाशांत ह्या दोन मुलींस दिसलें, तोच प्रकाश शेजारच्या घरांतही पडत होता. आणि 'सर्वांची समजूत' म्हणतांना त्या सर्वांत गुलामांची गणना आपण केली कीं नाहीं, हेंही पाहिलें पाहिजे. त्यांस तर आपलें दास्य न्याय्य आहे अशी समजूत कोणी घालूं शकलें नाहीं.

दुसरा आक्षेप असा कीं, पूर्वजांच्या पापाचा बोजा नातवांवर कां? आम्हीही म्हणतों, तो घालूं नये. परंतु पाप निराळें आणि वारसा निराळा. बापाचें घर जो घेतो, त्यानें घरावरचें देणें आपलें नव्हे म्हणून चालत नाहीं. १९ जून २०१८ रोजीं चार्ल्स्टनच्या नगरसभेनें गुलामगिरींतील शहराच्या वाट्याबद्दल क्षमा मागणारा ठराव केला. मतें सातास पांच पडलीं. मत देणाऱ्यांपैकीं कोणी गुलाम विकत घेतला नव्हता. देणें कबूल करावयाचें तेवढें त्यांच्या हातीं होतें, आणि तेंही दोनच मतांच्या आधिक्यानें साधलें. कबूल करणें किती जड जातें, हें ह्यावरून दिसतें.

तिसरा आक्षेप अधिक वजनदार आहे, आणि तो ख्रिस्ती मनुष्याच्या तोंडीं पुष्कळदां येतो. जुन्या जखमा कां उकराव्या? क्षमा करून विसरून जाणें बरें नव्हे काय? ह्याचा विचार करण्यासाठीं त्या शहरांतील आणखी एका दारापाशीं जाऊं. इमॅन्युएल नांवाची कृष्णवर्णी लोकांची एक मेथडिस्ट मंडळी तेथें आहे. १८२२ सालीं डेन्मार्क व्हीसी नांवाच्या स्वतंत्र झालेल्या सुतारानें गुलामांच्या बंडाचा कट केला असा आरोप येऊन त्यास व इतर चौतीस जणांस फांशी दिलें, आणि तो ज्या मंडळींत जात असे तिचें मंदिर पाडण्यांत आलें. पुढें मंडळी लपूनछपून जमे. १८६५ सालीं युद्ध संपल्यावर ती उघडपणें उभी राहिली, आणि आजचें मंदिर १८९१ सालचें आहे. ज्या रस्त्यावर तें आहे, त्यास जॉन कॅल्हून ह्यांचें नांव आहे. गुलामगिरी ही हितकारक संस्था आहे, असें १८३७ सालीं सेनेटांत प्रतिपादणारे हेच ते. त्यांचा उंच खांबावरील पुतळा जवळच होता. तो जून २०२० मध्यें खालीं उतरविला.

१७ जून २०१५ च्या संध्याकाळीं ह्या मंदिरांत शास्त्राभ्यास चालला असतां, पाहुणा म्हणून आंत घेतलेल्या एका गोऱ्या तरुणानें पाळकांसह नऊ जणांस ठार मारिलें. दोनच दिवसांनीं न्यायालयांत मृतांच्या आप्तांपैकीं कित्येकांनीं त्यास सांगितलें कीं, आम्ही तुला क्षमा करितों. ही गोष्ट जगभर गेली, आणि ती ऐकून कोणाचेंही मन विरघळेल. पण नीट पाहा. त्यांनीं घडलेलें लपविलें नाहीं. कोणी मारिलें, कोणास मारिलें, काय हिरावून घेतलें, हें त्यांनीं रडत रडत त्यास सांगितलें, आणि मग क्षमा केली. क्षमा ही अशी गोष्ट आहे कीं ती करण्यासाठीं अपराधाचें नांव घ्यावेंच लागतें. जो म्हणतो कीं कांहीं घडलेंच नाहीं, त्यास क्षमा करावयास उरतें काय? शिवाय क्षमा करण्याचा अधिकार ज्याची जखम त्याचा आहे. 'विसरून जा' असें जेव्हां जखम करणाराच्या घरून सांगण्यांत येतें, तेव्हां ती क्षमा नव्हे. ती सोय होय.

मग सुंदर वस्तु पाहून आनंद मानूंच नये काय? अवश्य मानावा. चार्ल्स्टनच्या ज्या लोखंडी फाटकांची लोक वाखाणणी करितात, त्यांपैकीं पुष्कळ फाटकें फिलिप सिमन्स (१९१२–२००९) ह्या कृष्णवर्णी लोहारानें घडविलीं, हें कळल्यानें त्यांचें सौंदर्य कमी होत नाहीं. तें योग्य हातांस पोंचतें. दुसरा वाटाड्या शहराची निंदा करीत नाहीं. शहराची स्तुति ज्यांस कधीं मिळाली नाहीं, त्यांस तो ती वांटून देतो.

ही गोष्ट आपणांपासून वाटते तितकी दूर नाहीं. जोतीराव फुले ह्यांनीं १८७३ सालीं 'गुलामगिरी' हें पुस्तक प्रसिद्ध केलें, तेव्हां गुलामांच्या मुक्ततेसाठीं झटलेल्या अमेरिकेंतील सज्जनांस तें अर्पण केलें. त्या लोकांच्या दुःखांत त्यांनीं येथल्या शूद्रातिशूद्रांचें दुःख ओळखिलें होतें. आपणही प्रत्येक जण कोठें ना कोठें वाटाडे आहों. पाहुणा गांवीं आला कीं आपण त्यास पाटलाचा वाडा, वेस, बारव दाखवितों. बारव कोणीं खणली, आणि खणून झाल्यावर तिच्या पायऱ्या उतरण्यास कोणास बंदी होती, हें सांगतों काय? आणि केवळ गांवास दोष देऊन थांबूं नये. आपल्या मंडळीच्या वर्धापनदिनीं जीं नांवें वाचलीं जातात तींही एकदां ऐकावीं. मिशनरी साहेबांचें नांव असतें, देणगी देणाराचें असतें. डोक्यावरून दगडविटा वाहणाऱ्या बायांचीं असतात काय? आणि जातीच्या जुन्या भिंती मंदिराच्या दारापाशीं खरोखरच पडल्या, कीं चार्ल्स्टनच्या लिलावाप्रमाणें नुसत्या आंत गेल्या, हें कोणी विचारितें काय?

उपदेशकांस व मंडळींतील वडीलमंडळीस आमची एक विनंति आहे. येत्या वर्धापनदिनापूर्वीं आपल्या मंडळींतील वृद्ध स्त्रीपुरुषांकडे वही घेऊन जावें, आणि मंदिर बांधतांना कोण राबलें, कोणास कोठें बसविलें जाई, कोणास काय सोसावें लागलें, हें त्यांच्याच तोंडून ऐकून लिहून घ्यावें. ज्यांचीं नांवें मिळतील तीं त्या दिवशीं मोठ्यानें वाचावीं. कांहीं ऐकणाऱ्यांस तें रुचणार नाहीं. तरीही वाचावीं, आणि ही वही लवकर करावी, कारण तीं माणसें आतां थकलीं आहेत.