‘आमच्या’तील ‘मी’ : आत्मकथन आणि न सांगण्याचा अधिकार

स्त्रियांनी लिहिलेल्या आत्मकथनांविषयी बोलताना मराठी समीक्षेने दोन विशेषणांवर फार भिस्त ठेवली आहे. एक ‘निर्व्याज’ आणि दुसरे ‘दमित’. पहिले जुन्या, आस्वादक समीक्षेचे. १९३४ ते १९३६ या काळात भागशः प्रसिद्ध झालेल्या लक्ष्मीबाई टिळकांच्या ‘स्मृतिचित्रे’चे कौतुक करताना या आशयाचे शब्द इतक्या वेळा वापरले गेले, की लक्ष्मीबाईंनी काही ठरवून लिहिले असेल ही शक्यताच मागे पडली. दुसरे विशेषण १९७५ नंतर आकाराला आलेल्या स्त्रीवादी समीक्षेचे. या समीक्षेने निवेदनातील फटी शोधल्या, जे लिहिलेले नाही ते ऐकण्याचा प्रयत्न केला; तिचे ऋण मोठे आहे. तथापि या दोन विशेषणांत एक साम्य आहे, आणि ते सहसा लक्षात घेतले जात नाही. निर्व्याज लेखिका लपवत नाही, कारण तिला लपवता येत नाही. दमित लेखिका लपवते, कारण तिला सांगता येत नाही. काय सांगायचे आणि काय सांगायचे नाही याचा निर्णय दोन्ही वर्णनांत तिच्याकडे नसतोच.

हा केवळ समीक्षेच्या परिभाषेचा प्रश्न नाही. आत्मकथनातील मौनाचे काय करायचे, ते भरून काढण्याचा अधिकार वाचकाला वा समीक्षकाला आहे काय, हा नैतिक प्रश्न आहे. गायत्री चक्रवर्ती स्पिवाक यांच्या १९८८ च्या निबंधानंतर ‘ती बोलू शकते काय’ हे विचारण्याची अभ्यासकांना सवय झाली. तिने बोललेच पाहिजे काय, हे विचारण्याची मात्र अजून झालेली नाही. या प्रश्नाची चर्चा दोन पुस्तकांच्या आधारे करता येईल. रमाबाई रानडे यांचे ‘आमच्या आयुष्यातील काही आठवणी’ १९१० मध्ये प्रसिद्ध झाले. बेबी कांबळे यांचे ‘जिणं आमुचं’ हे ‘स्त्री’ मासिकातून क्रमशः येऊन १९८६ मध्ये पुस्तकरूप झाले. दोहोंत सुमारे पाऊण शतकाचे अंतर आहे, आणि जातीचे अंतर त्याहून कितीतरी अधिक. एक न्यायमूर्तींच्या घरातली, दुसरी वीरगाव आणि फलटणच्या महारवाड्यातली. असे असूनही दोन्ही शीर्षकांत एकच सर्वनाम आले आहे.

हे सर्वनाम मराठीत विशेष अर्थाचे आहे. मराठीत प्रथमपुरुषी अनेकवचन दोन प्रकारचे. ‘आपण’ म्हटले की ऐकणारा आत येतो. ‘आम्ही’ म्हटले की तो बाहेर राहतो. ‘आपले जिणे’ आणि ‘आमचे जिणे’ यांतला फरक मराठी माणसाला समजावून सांगावा लागत नाही. तेव्हा ‘आमच्या’ या शब्दाने ही पुस्तके वाचकाला आत घेण्याआधी एक उंबरठा दाखवतात. जे सांगितले जाणार आहे ते तुमचे नव्हे. कोण कोण मिळून हे ‘आम्ही’ होते, हे दोन्ही पुस्तकांत अर्थातच वेगळे आहे.

रमाबाईंच्या पुस्तकातील ‘आम्ही’ म्हणजे पती आणि पत्नी. १८७३ मध्ये, पहिल्या पत्नीच्या निधनानंतर लगेचच, वडिलांच्या आग्रहापुढे मान तुकवून रानड्यांनी अकरा वर्षांच्या मुलीशी विवाह केला. विधवाविवाहाचा पुरस्कर्ता स्वतः विधुर झाल्यावर काय करतो, याकडे पुण्यातील सुधारक आणि सनातनी दोघांचेही डोळे लागले असताना हे घडले. रमाबाई हा प्रसंग टाळत नाहीत. तो रानड्यांच्या पितृभक्तीच्या अंगाने सांगतात. मतभेदाच्या एका प्रसंगानंतर रानड्यांनी धरलेला अबोला आणि त्या रात्रीची स्वतःची तगमगही त्या नोंदवतात, आणि भाष्य न करता पुढे जातात. पतीचे नाव घ्यायचे नाही या रीतीमुळे रानड्यांचा उल्लेख त्या ‘स्वतः’ असा करतात. मराठी आत्मकथनाच्या इतिहासात याहून अर्थपूर्ण शब्दयोजना क्वचितच सापडेल. आत्मकथनात ‘स्वतः’ हा शब्द येतो आणि तो दुसऱ्याच्या वाट्याला जातो. १९३८ मध्ये झालेल्या इंग्रजी भाषांतराचे नावच ‘हिमसेल्फ’ असे आहे. पुढे कुसुमावती देशपांडे यांनी केलेले भाषांतर १९६३ मध्ये आले, त्याचे नाव ‘रानडे : हिज वाइफ्स रेमिनिसेन्सेस’. दोन्ही नावांत ‘आमच्या’ नाही. जे दोघांचे म्हणून लिहिले गेले ते इंग्रजीत एकाचे झाले. रमाबाईंनी आखलेली सीमा भाषांतरकारांनी आणखी आत ढकलली.

परंतु रमाबाईंचे खरे मौन पतीच्या दोषांविषयीचे नाही. हे पुस्तक रानड्यांच्या मृत्यूशी, म्हणजे १९०१ पाशी, थांबते. १९०४ मध्ये मुंबईत भरलेल्या भारत महिला परिषदेच्या अध्यक्षपदी त्या होत्या. १९०९ मध्ये पुण्यात सेवासदनाचे काम त्यांच्या नेतृत्वाखाली उभे राहिले. पुस्तक लिहिले जात होते तेव्हा त्या स्वतंत्र कर्तृत्वाच्या सार्वजनिक कार्यकर्त्या होत्या, आणि या कर्तृत्वाबद्दल पुस्तकात एक प्रकरणही नाही. यापुढे त्या १९२४ पर्यंत जगल्या. दमनाची उपपत्ती येथे तोकडी पडते. शेकडो स्त्रियांसमोर अध्यक्षीय भाषण करणारी स्त्री आपल्या कामाविषयी लिहू शकत नव्हती, असे म्हणणे कठीण आहे. शीर्षकाचा शब्द त्यांनी करारासारखा पाळला, असे म्हणणे अधिक युक्त ठरेल. १९०१ नंतर ‘आमचे’ आयुष्य उरले नव्हते. उरले ते ‘माझे’, आणि ते वाचकाला देण्याचे त्यांनी कधी कबूल केलेले नव्हते.

या निर्णयाचा मान राखणे वेगळे आणि त्याला निरागस मानणे वेगळे. मौन कोणाच्या हिताचे होते? रानड्यांच्या प्रतिमेच्या आणि म्हणून सुधारक पक्षाच्या. किंमत कोणी दिली? काही अंशी रमाबाईंनी, काही अंशी स्त्रियांच्या इतिहासाने. कारण एका संघटक स्त्रीची घडण तिच्याच शब्दांत कळण्याची वाट बंद झाली. शिवाय या पुस्तकात आणखी एक मौन आहे, आणि ते रमाबाईंचे नाही. शिकणाऱ्या सुनेला टोमणे मारणाऱ्या, पंडिता रमाबाईंच्या सभेला ती गेली म्हणून तिला छळणाऱ्या घरातल्या वडीलधाऱ्या बायका येथे ठसठशीतपणे येतात. त्यांपैकी काही विधवा होत्या. रानड्यांची बहीण दुर्गा लहान वयातच विधवा झाली होती. भावाच्या सुधारणेचा लाभ तिच्या वाट्याला आला नव्हता. या बायकांनी आठवणी लिहिल्या नाहीत. घरातली पाटी एकाच सुनेच्या हाती आली, बाकीच्यांना का नाही, हा प्रश्न त्यांनी विचारला असता काय, हे कोणाला कळण्याची सोय नाही. ‘आमच्या’ या शब्दाबाहेर केवळ वाचक उभा नाही. त्या घरातल्या इतर स्त्रियाही उभ्या आहेत. लिहिणारी स्त्री सत्तेच्या बळी असलेल्यांपैकी एक असतेच. पण लेखणी हाती आल्यावर तीही कोणाच्या तरी वतीने वा विरोधात बोलते, आणि ज्यांच्याविषयी बोलते त्यांना उत्तराचा हक्क राहत नाही.

१९७० नंतर मराठीत ‘मी’ प्रबळ झाला. हंसा वाडकर, मल्लिका अमर शेख, माधवी देसाई यांची आत्मकथने आली, आणि १९९० च्या ‘आहे मनोहर तरी’ने मध्यमवर्गीय वाचकाला सर्वाधिक अस्वस्थ केले. पत्नीने हयात आणि लोकप्रिय पतीविषयी असे लिहावे काय, ही त्या वेळची चर्चा बहुतांशी औचित्याची होती आणि फारशी खोल गेली नाही. सहजीवनाची गोष्ट सांगताना दुसऱ्याचे आयुष्यही खर्ची पडते, ही खरी अडचण तिने ओझरती स्पर्शून सोडून दिली. लक्ष्मीबाई टिळकांनी ती अडचण विनोदाने सोडवली होती. नारायण वामन टिळकांचा संताप आणि विक्षिप्तपणा त्यांनी हसत हसत सांगितला, आणि हसण्यामुळेच तो सांगता आला. हे ज्या लेखिकेला साधते तिला निर्व्याज म्हणणे हा तिच्या बुद्धीचा अधिक्षेप आहे.

‘जिणं आमुचं’ या सर्वांपुढे वेगळाच पेच उभा करते. हे पुस्तक बेबी कांबळे यांनी सुमारे वीस वर्षे घरच्यांपासून लपवून ठेवले होते. त्यात महारवाड्यातील उपासमार, बाळंतिणींचे हाल, अंधश्रद्धा, डॉ. आंबेडकरांच्या हाकेने बदललेली मने हे सारे आहे. लेखिकेच्या वैवाहिक आयुष्याविषयी मात्र जवळजवळ काही नाही. पुढे माया पंडित यांनी ‘द प्रिझन्स वुई ब्रोक’ हे इंग्रजी भाषांतर केले (२००८). त्याला जोडलेल्या मुलाखतीत बेबीताई नवऱ्याच्या संशयाविषयी आणि मारहाणीविषयी बोलल्या. पुस्तकात हे का नाही, याचे त्यांनी दिलेले उत्तर थोडक्यात असे, की हे तर बहुतेक बायकांच्या वाट्याला येत होते, त्यात त्यांचे वेगळे असे काही नव्हते.

या मौनाचे सोपे स्पष्टीकरण तयारच असते. दलित स्त्री समाजाची बदनामी टाळण्यासाठी घरातली हिंसा झाकते, असे ते स्पष्टीकरण. परंतु संहिताच ते मोडून काढते. सासुरवास सहन न होऊन पळून जाणाऱ्या सुनांच्या पायात लाकडी खोडा अडकवला जाई, त्यांची नाके कापली जात, हे याच पुस्तकात निर्भीडपणे सांगितले आहे. शिकून वर गेलेल्या आणि बाबासाहेबांना विसरलेल्या स्वकीयांनाही त्यात सोडलेले नाही. झाकायचे असते तर हे झाकले असते. सर्वांचे दुःख सांगायचे आणि त्यातला आपला वाटा वेगळा काढून दाखवायचा नाही, असा हा निर्णय आहे. ‘मी’ला मिळू शकणारी सहानुभूती त्यांनी नाकारली, कारण ती सहानुभूती एकटीपुरती राहिली असती.

शर्मिला रेगे यांनी २००६ च्या ‘रायटिंग कास्ट, रायटिंग जेंडर’ या ग्रंथात दलित स्त्रियांच्या आत्मकथनांना ‘टेस्टिमोनिओ’, म्हणजे समूहाच्या वतीने दिलेली साक्ष, मानले. ही संज्ञा लॅटिन अमेरिकेतून आलेली. तिच्या सर्वांत गाजलेल्या उदाहरणाशी तुलना उद्बोधक ठरते. ग्वातेमालातील रिगोबेर्ता मेन्चू यांचे निवेदन १९८३ मध्ये प्रसिद्ध झाले, १९९२ मध्ये त्यांना शांततेचे नोबेल मिळाले, आणि १९९९ मध्ये मानवशास्त्रज्ञ डेव्हिड स्टोल यांनी आक्षेप घेतला, की त्यातील काही प्रसंग त्यांनी स्वतः पाहिलेले नव्हते. मेन्चू यांच्या समर्थकांचे म्हणणे असे, की तेथे ‘मी’ समूहाचा असतो; समूहावर गुदरले ते ‘माझ्यावर’ गुदरले. बेबीताईंनी याच तर्काने उलट दिशा घेतली. जे सर्वांवर गुदरले ते ‘माझे’ म्हणून सांगण्याचे त्यांनी नाकारले. साक्षीचे पुस्तक म्हणताना हा फरक विसरता कामा नये. मेन्चू यांच्या बाबतीत वाचक विचारतो, हे खरोखर तुमच्यावर घडले काय? बेबीताईंच्या बाबतीत त्याने विचारायला हवे, की जे इतरांवर घडले म्हणून सांगितले त्याने समाधान का होत नाही.

येथे एक आक्षेप येतो, आणि तो गंभीर आहे. विषम परिस्थितीत घेतलेल्या निर्णयाला निर्णय म्हणणे ही फसवणूक नव्हे काय? वंचित माणूस आपल्या इच्छाच परिस्थितीला जुळतील अशा लहान करून घेतो, हे अमर्त्य सेन यांनी दाखवून दिले आहे. ‘सगळ्यांच्याच वाट्याला येते’ हे उद्गार त्या लहान झालेल्या इच्छेचे असू शकतात. ज्या नवऱ्यापासून वही लपवावी लागते त्याच्याविषयी वहीत नसणे यात भय किती आणि विवेक किती, हे बाहेरून वजन करून सांगता येत नाही. मौनाला ‘निवड’ म्हणून गौरवणे मारणाऱ्याच्याही सोयीचे असते, हेही खरे.

आक्षेप मान्य करूनही त्यातून निघणारा निष्कर्ष मान्य करता येत नाही. परिस्थितीने वाकवलेला निर्णयही त्या व्यक्तीचाच असतो. तो वाकवला कोणी याचा शोध घेणे हे समीक्षेचे काम आहे, तो रद्द करून त्या जागी आपला मजकूर घालणे हे नव्हे. भयाविषयी लिहावे, वही लपवावी लागली याविषयी लिहावे, खोड्याविषयीच्या परिच्छेदात एक वैयक्तिक कळ ऐकू येते असेही म्हणावे. परंतु बेबीताईंना ‘खरे’ सांगायचे होते ते हे, आणि संहिता हा त्यावरचा पडदा, अशी मांडणी करताच पुस्तकाचे सारे सांगणे दुय्यम होते.

नेमके हेच आता घडू लागले आहे, आणि त्यात दोष कोणा एकाचा नाही. मुलाखत घेणे योग्य होते. उत्तर देणारीने ते आपखुशीने दिले. बोलताना सांगितले, लिहिताना नाही, ही सीमाही तिनेच आखली. परंतु मुलाखत आणि पुस्तक एकाच वेष्टनात आल्याने इंग्रजी वाचक आणि मराठी वाचक दोन निराळी पुस्तके वाचतात. इंग्रजीतून दलित साहित्य शिकणारे विद्यार्थी आज महाराष्ट्राबाहेरच नव्हे, महाराष्ट्रातही अनेक आहेत. त्यांच्या निबंधांत बेबी कांबळे ही प्रथम नवऱ्याचा मार खाल्लेली लेखिका असते, आणि महारवाडा तिच्या दुःखाची पार्श्वभूमी होतो. भाषांतराच्या शीर्षकात ‘वुई’ आहे खरे. पण इंग्रजी ‘वुई’त ‘आम्ही’ आणि ‘आपण’ दोन्ही मावतात, आणि उंबरठा दिसेनासा होतो. मराठी विभागांनी या बाबतीत फार ऐटीत राहण्याचे कारण नाही. ‘स्त्रियांची आत्मकथने’ या प्रश्नपत्रिकेत ‘लेखिकेने भोगलेले दुःख विशद करा’ हा प्रश्न वर्षानुवर्षे विचारला जातो, आणि ज्या पुस्तकात लेखिकेने आपले भोगणे सांगण्याचे नाकारले त्यालाही तोच लावला जातो.

मुलाखत शेवटी वाचायला द्यावी, आणि तीही पुस्तकावर चर्चा होऊन गेल्यावर, एवढे तरी अध्यापकाला करता येण्याजोगे आहे. रमाबाईंच्या बाबतीत क्रम उलटा लागेल. तेथे १९०१ नंतरच्या तेवीस वर्षांची माहिती आधी द्यावी लागते. नाहीतर शेवटचे पान मिटताना ‘स्वतः’ गेल्यावर मागे कोणी उरले होते, हे विद्यार्थ्याच्या लक्षातच येत नाही.