ध्वनिपीडा आणि क्रोध : एक विचार

पंगतीत शेजाऱ्याने मारलेला भुरका, कुणाचे नाक ओढणे, कुणाचे घास चावणे हे ध्वनी बहुतेकांच्या कानी पडून विरून जातात. काहींना मात्र ते असह्य होतात. छाती धडधडते, क्रोध उसळतो, तेथून उठून जावेसे वाटते. असा साधक विचारतो की, ‘सोबतच्या भिक्षुकाच्या जेवण्याचाही मला राग येत असेल, तर माझी अहिंसा कोठे उरली?’

यावर कोणी म्हणेल, क्रोध हा विकार, आणि विकार तेथे दोष. म्हणून ही वैराग्याचीच उणीव होय. हे मत ग्राह्य नाही. या अवस्थेस वैद्यकात ‘मिसोफोनिया’ म्हणतात. मार्गारेट व पावेल जास्ट्रेबॉफ यांनी हे नाव २००१ मध्ये योजिले. ध्वनी मोठा असावाच लागतो असे नाही. तो विशिष्ट असला की पुरे. २०१७ मध्ये प्रसिद्ध झालेल्या ब्रिटनमधील संशोधनात, असा ध्वनी ऐकताच या व्यक्तींच्या मेंदूचा एक भाग प्रमाणाबाहेर उद्दीपित होतो व हृदयाची गती वाढते, असे आढळले. तेव्हा पहिला क्षोभ इच्छेने उठत नाही. जे इच्छेने केले नाही, त्याचा दोष जीवाच्या माथी कसा मारावा?

परंतु क्षोभ उठणे वेगळे आणि त्यास अनुमोदन देणे वेगळे. ‘हा मला मुद्दाम छळतो’ अशी कल्पना मनाने धरली की द्वेष रुजला. कठोर शब्द निघाला की वाचिक हिंसा घडली. साधकाची जबाबदारी येथून सुरू होते.

मग विजनाचा आश्रय घ्यावा काय? क्षोभ दुसऱ्यावर कोसळू नये म्हणून क्षणभर दूर जाणे हे अहिंसेचेच अंग आहे. मात्र विजन हे परमेश्वरस्मरणासाठी आहे, माणसांच्या तिटकाऱ्यासाठी नव्हे. तिटकारा सोबत नेला, तर निर्जन स्थानीही तोच ध्वनी मनात वाजत राहील.

इतरांचेही कर्तव्य आहे. पारध्याच्या कुत्र्यांपुढे पळणारा ससा सर्वज्ञ श्रीचक्रधरस्वामींच्या जानूखाली आला, तेव्हा स्वामींनी त्यास अभय दिले. त्याचे भय योग्य की अयोग्य याची परीक्षा केली नाही. पीडिताला ‘एवढ्याशा आवाजाचे काय?’ असे हिणवणाऱ्याने ही लीळा आठवावी. त्याचे पात्र थोडे दूर मांडावे, आपण हळू जेवावे. पीडितानेही आपली अडचण शांतपणे, नम्रतेने सांगावी. एकाने क्षोभ आवरावा आणि दुसऱ्याने ध्वनी आवरावा. अहिंसा दोघांकडूनही पाळली जाते.