अक्षरांतून विश्व
ज्यू परंपरेने ज्याचे कर्तृत्व थेट अब्राहामाच्या नावे दाखल केले, तो ‘सेफेर यत्झिरा’ हा ग्रंथ एका बैठकीत वाचून संपावा इतका तोकडा आहे. तथापि दहा सेफिरोत (आदिसंख्या) आणि हिब्रू वर्णमालेतील २२ अक्षरे अशा ३२ मार्गांनी ईश्वराने विश्व रचले, हा त्याचा दावा मात्र लहान नव्हे. तीन मातृवर्णांतून वायू, जल व अग्नी, उरलेल्या अक्षरांपैकी सातांतून ग्रह, बारांतून राशी. याच नावाच्या ग्रंथाच्या अध्ययनाने दोन रब्बींनी शब्बाथच्या पूर्वसंध्येला वासरू निर्माण करून भक्षण केल्याची कथा तालमूदमध्ये आहे (सृष्टिरहस्याचा इतका रुचकर विनियोग अन्यत्र विरळाच!). इ. स. ९३१ मध्ये ज्यू तत्त्वचिंतक सादिया गाओनने मात्र या ग्रंथास जादूची सनद न मानता तत्त्वचिंतन मानून अरबीत भाष्य लिहिले, आणि माझ्या मते त्याचाच निवाडा ग्राह्य आहे.