अखेरचे गीत आणि ऐकणारे कान

दुःखाचे गीत ऐकताना मनाला बरे का वाटावे, हा प्रश्न फार जुना आहे. परंतु त्याच गीताला गायकाच्या मृत्यूची जोड मिळाली म्हणजे ते आपल्याला अधिकच मोलाचे का वाटू लागते, हा नीतीचा प्रश्न आहे आणि त्याचा विचार आपण सहसा करीत नाही. अहिल्यानगर जिल्ह्यातील आपल्या कुटुंबांतून फिरताना पालकांची एक तक्रार आमच्या कानी वारंवार येते: मुलगा रात्री उशिरापर्यंत उदास इंग्रजी गाणी ऐकत पडून राहतो, फादर, त्याला चार शब्द सांगा. ते चार शब्द सांगण्यापूर्वी ही गाणी आहेत तरी काय, हे समजून घेणे आम्हांस अगत्याचे वाटते.

अशा गाण्यांच्या परंपरेत 'जॉय डिव्हिजन' या इंग्लंडमधील वाद्यवृंदाचे नाव अग्रभागी घेतले जाते. चार तरुण, मँचेस्टर परिसरातले. मोठ्या कंपनीच्या आश्रयाने नव्हे, तर एका छोट्या स्वतंत्र संस्थेमार्फत ध्वनिमुद्रिका काढणारे. गीते लिहिणारा व गाणारा इयान कर्टिस अवघा तेवीस वर्षांचा होता. त्याला अपस्माराचा विकार होता आणि रंगमंचावरही त्याला झटके येत. 'क्लोजर' या त्यांच्या दुसऱ्या व अखेरच्या संग्रहाचे ध्वनिमुद्रण मार्च १९८० मध्ये लंडनला झाले. १८ मे रोजी, अमेरिकेच्या दौऱ्यावर निघण्याच्या आदल्या दिवशी, इयानने आपले जीवन संपविले. संग्रह बाहेर आला तो जुलैमध्ये. त्याच्या वेष्टणावर इटलीतील जेनोवा शहराच्या दफनभूमीतील एका समाधीचे छायाचित्र आहे: निश्चेष्ट देह आणि त्याभोवती शोक करणाऱ्या मूर्ती. हे चित्र इयान जिवंत असतानाच निवडलेले होते.

त्या दिवसापासून लोक ही गीते एका वेगळ्याच कानाने ऐकू लागले. प्रत्येक शब्दात त्यांना मृत्यूची चाहूल दिसू लागली. वास्तविक शब्द तेच, सूर तेच. इयानच्या सोबत्यांनी पुढे अनेकदा सांगितले आहे की, तो काय लिहीत आहे याकडे आपण त्या वेळी पुरेसे लक्ष दिले नाही. ती केवळ गाणी आहेत असेच वाटत राहिले. त्यांना दोष देण्याचा आमचा हेतू नाही. विशीतली ती मुले होती, आणि कोणाच्याही आत्मघाताचे कारण एकच एक नसते. तथापि त्यांच्या या बोलण्यात आपणा सर्वांसाठी एक धडा आहे. जिवंत माणसाच्या दुःखाला आपण 'कविता' म्हणून बाजूला सारतो, आणि तो गेल्यावर त्याच कवितेला 'साक्ष' म्हणून मखरात बसवितो. या दोन्ही वेळी माणूस मात्र एकटाच राहतो.

मग उदास गाणी वर्ज्य करावीत काय? आम्हांस तसे वाटत नाही. पवित्र शास्त्रातील अठ्ठ्याऐंशीवे स्तोत्र उघडून पाहावे. इतर विलापस्तोत्रे शेवटी आशेकडे वळतात; हे मात्र अंधारातच संपते. तरीही ख्रिस्तसभेने ते आपल्या प्रार्थनेत जपून ठेवले आहे. कारण परमेश्वरापुढे मांडलेले दुःख हे दुःख असले तरी संवाद असतो. मुलाचे गाणे बंद केल्याने त्याची उदासी बंद होत नाही. फक्त ती आपल्याला ऐकू येईनाशी होते.

धोका आहे तो दुसरीकडे. गायकाचा अंत हाच जणू त्याच्या कलेचा कळस, असे तरुण मनाला वाटू लागणे हा तो धोका. मृत्यूने त्या गीतांत एका सुराचीही भर घातली नाही. पुढे होऊ शकली असती अशी सारी गीते मात्र हिरावून नेली. हे मुलांना स्पष्ट सांगितले पाहिजे. त्याचबरोबर, असा अंत ज्यांच्या घरी घडला त्यांच्याकडे बोट दाखविण्याचे पाप आपण करू नये. जीवन हे परमेश्वराचे दान आहे, ते संपविण्याचा अधिकार आपला नाही, ही शिकवण अढळ आहे. परंतु तीव्र मानसिक व्यथेने माणसाची जबाबदारी उणावते, अशा व्यक्तींच्या तारणाविषयी निराश होऊ नये, ख्रिस्तसभा त्यांच्यासाठी प्रार्थना करते, हेही १९९२ साली प्रसिद्ध झालेल्या कॅथॉलिक धर्मशिक्षणाच्या ग्रंथात नमूद आहे.

अखेरच्या कृतीचे खरे मोल कशात, हे पाहण्यास मात्र दूर जाण्याची गरज नाही. अहमदनगर ही ज्यांची कर्मभूमी, ते कवी नारायण वामन टिळक ९ मे १९१९ रोजी मुंबईत निवर्तले, तेव्हा प्रभू येशूच्या जीवनावरील 'ख्रिस्तायन' हे त्यांचे महाकाव्य अपुरे होते. जेमतेम दहा-अकरा अध्याय झाले होते. आमचा पंथ त्यांच्याहून वेगळा, तरी त्यांची भजने मराठी ख्रिस्ती जनांना परकी नाहीत. लक्ष्मीबाईंनी त्या अपुऱ्या पानांची समाधी बांधली नाही. ज्या स्त्रीला शाळेचे शिक्षण नव्हते, तिने लेखणी उचलली आणि साठांहून अधिक अध्याय रचून कथा पुढे नेली. इयानच्या सोबत्यांनीही 'न्यू ऑर्डर' हे नवे नाव घेऊन १९८१ साली जी पहिली ध्वनिमुद्रिका काढली, तीत इयान हयात असताना रचलेलीच गीते होती. कोकणात जन्मलेला कवी आणि मँचेस्टरचा गायक यांत साम्य फारसे नाही. परंतु मागे राहिलेल्यांनी काय करावे, याचे उत्तर दोन्हीकडे एकच मिळाले.

'क्लोजर' या इंग्रजी शब्दाचे दोन अर्थ होतात: शेवट करणारा, आणि अधिक जवळ. जगाने पहिला अर्थ उचलला. आपल्या घरांत दुसरा उपयोगी पडेल. मुलाच्या हातून यंत्र काढून घेण्याऐवजी त्याच्याजवळ बसावे, ते गाणे त्याच्यासोबत एकदा पूर्ण ऐकावे, आणि मग विचारावे, "बाळा, यातले तुझे काय आहे?" उत्तर लगेच येणार नाही, ते येईपर्यंत थांबण्याची तयारी ठेवावी. उत्तर जड वाटले तर धर्मगुरूकडे यावे, डॉक्टरांकडे जाण्यासही संकोच करू नये. मनाचा आजार हा आजारच आहे. गीत अखेरचे होते की नव्हते, हे नंतरच कळते. ऐकायचे असते ते आधी.