जाळणारे हात

आम्हा मालवणच्या माणसांना घाट चढल्यावर लागणारे पहिले मोठे शहर म्हणजे कोल्हापूर. सिंधुदुर्ग किल्ल्यात शिवराजेश्वराच्या देवळात आम्ही शिवाजी महाराजांपुढे देव म्हणून हात जोडतो. घाटावर भालजी पेंढारकरांनी त्यांनाच पडद्यावर चालतेबोलते केले. तेव्हा भालजी आम्हाला परके नव्हेत. पण त्यांच्या चित्रपटांहूनही एक प्रश्न मला अधिक छळतो. ज्या गावाने आपले घर जाळले, त्या गावाला क्षमा करता येते काय?

30 जानेवारी 1948 रोजी गांधीजींचा खून झाला. मारेकरी ब्राह्मण, एवढ्या एका कारणावरून पश्चिम महाराष्ट्रात ब्राह्मणांची घरेदारे पेटली. कोल्हापुरात भालजींचा जयप्रभा स्टुडिओ जळाला. ‘मीठभाकर’ची रिळेही त्यात गेली. आणि दैवाचा खेळ पाहा, याच कोल्हापूरच्या कुशीत, वळिवड्याच्या छावणीत, 1943 पासून सुमारे 5,000 पोलिश निर्वासित राहत होते. महायुद्धाने देशोधडीला लावलेल्या परक्या बायामुलांना जिथे आसरा मिळाला, तिथेच आपल्या माणसाच्या दारी पेटते बोळे आले! यांतले खरे कोल्हापूर कोणते? मला वाटते, दोन्ही.

क्षमा करायची तर समोर माणूस लागतो. जमावाला तोंड नसते. दुसऱ्या दिवशी तो पांगून आपापल्या दुकानात, शेतात, तालमीत जाऊन बसतो. भालजींनी गाव सोडले नाही. स्टुडिओ पुन्हा उभारला, ‘मीठभाकर’ पुन्हा चित्रित केला आणि 1949 मध्ये तो लोकांपुढे आणला. याला मी क्षमा म्हणणार नाही. त्यात हट्ट असेल, व्यवहारही असेल. आमच्याकडे अशा वेळी ‘जातलंय खंय?’ म्हणतात, तेही असेल. त्यांची भाषा, नट, सुतार, प्रेक्षक सारे त्याच मातीतले. सेट ठोकणाऱ्यांत, तिकीट काढणाऱ्यांत ते जाळणारे हात नसतीलच, असे कोण सांगेल?

कोणी म्हणेल, असे गप्प राहून कामाला लागल्याने जाळणाऱ्याला सुखाची झोप लागते. आक्षेप खोटा नाही. अपराध्याला शासन व्हायलाच हवे. पण ते काम कायद्याचे. ज्याचे जळले त्यानेच आयुष्यभर फिर्यादी होऊन बसावे, हा आग्रह मला क्रूर वाटतो. भालजींनी किंमत थोडी मोजली असेही नाही. पुढे कर्जापायी जयप्रभा विकावा लागला. तो लता मंगेशकरांनी घेतला.

तरी चित्रपट थांबले नाहीत. जळिताला सतरा वर्षे झाल्यावर, 1965 मध्ये, त्यांनी एक चित्रपट काढला आणि त्याला नाव दिले ‘साधी माणसे’. जयश्री गडकर आणि सूर्यकांत त्यात नवराबायको आहेत. नायक लोहार आहे. दिवसभर भात्यापाशी, विस्तवासमोर बसणारा.