आधी न्याय, मग अर्पण



वेदीवर दान अर्पण करताना भावाचे आपल्याविरुद्ध काही आहे असे आठवले, तर दान तिथेच ठेवून आधी त्याच्याशी समेट करा, असे प्रभू येशू आपल्याला शिकवतो (मत्तय ५:२३-२४). हे वचन आपण अनेकदा ऐकतो. इंग्लंडमधील लिंकनचे बिशप संत ह्यू ते प्रत्यक्ष जगले.

११७० साली आर्चबिशप थॉमस बेकेट यांचा कँटरबरीच्या महामंदिरात खून झाला. त्याचे प्रायश्चित्त म्हणून राजा दुसरा हेन्री याने विथम येथे कार्थुजियन मठ स्थापन केला. तो सांभाळण्यासाठी आजच्या फ्रान्समधून ह्यू यांना बोलावण्यात आले. मठाच्या जमिनीवर गरीब कुळे राहत होती. त्यांना तिथून उठवण्यात येणार होते. ह्यूंनी राजाला स्पष्ट सांगितले की, या लोकांना घरादाराची पुरेपूर भरपाई मिळाल्याशिवाय आपण ती जागा घेणार नाही. राजाला पैसे मोजावे लागले. पुढे राजाने मठाला एक सुंदर बायबल भेट दिले. ते विंचेस्टरच्या मठवासीयांकडून घेतलेले आहे, असे कळताच ह्यूंनी ते परत केले. पवित्र ग्रंथ असला तरी दुसऱ्याच्या हक्काचा तो त्यांना नको होता.

११८६ साली राजाच्या इच्छेनुसार त्यांची बिशपपदी निवड झाली. ही निवड मोकळेपणाने झालेली नाही म्हणून त्यांनी ती नाकारली. लिंकनच्या धर्मगुरूंनी पुन्हा एकमताने निवडल्यावर आणि आपल्या वरिष्ठांनी आज्ञा केल्यावरच ते तयार झाले.

बिशप झाल्यावरही ते बदलले नाहीत. राजाच्या मुख्य वनाधिकाऱ्याला त्यांनी ख्रिस्तसभेतून बहिष्कृत केले. ११९० साली ज्यूंवर जमाव चालून आला, तेव्हा ते त्यांच्या रक्षणासाठी उभे राहिले. कुष्ठरोग्यांना ते जवळ घेत. ११८५च्या भूकंपात पडझड झालेले महामंदिर त्यांनी पुन्हा बांधायला घेतले आणि स्वतः दगड वाहिले. १६ नोव्हेंबर १२०० रोजी त्यांचे निधन झाले. १२२० साली पोप होनोरियस तिसरे यांनी त्यांना संत म्हणून घोषित केले.

बंधू-भगिनींनो, आपण नोव्हेना करतो, सणाला देणगी देतो, चर्चच्या कामाला हातभार लावतो. हे चांगलेच आहे. पण घरकाम करणाऱ्या बाईचा पगार आपण थकवला आहे का? बहिणीचा जमिनीतला वाटा दाबून ठेवला आहे का? शेजाऱ्याच्या बांधावर आपले कुंपण सरकले आहे का? तसे असेल तर आपल्या दानात दुसऱ्याच्या हक्काचा पैसा मिसळला आहे. देवाला तो नको आहे.

येत्या आठवड्यात असे एक तरी देणे आपण फेडू या. मग पुढच्या रविवारी मोकळ्या मनाने वेदीपुढे येऊ या.

हे प्रभो, संत ह्यू यांच्या मध्यस्थीने आमचे हात स्वच्छ आणि हृदय न्यायी कर. आमेन.